शब्दांवर हक्क कोणाचा? – पॅडी चायेफ्स्की आणि पटकथालेखकाचा पेशा

मुले कॉलेजात जायच्या वयाची झाली की आपल्या घरांतून जी यादी फिरू लागते, ती आपणा सर्वांना तोंडपाठ आहे. डॉक्टर, इंजिनियर, कॉम्प्युटर, फार तर बिझनेस स्कूल; मुलगी वाद घालण्यात पटाईत असेल तर वकिली. अलीकडे मात्र मंडळाच्या कार्यक्रमात चहाच्या रांगेत उभे असताना 'आमची धाकटी म्हणते, मला टेलिव्हिजनसाठी लिहायचंय' असे वाक्य अधूनमधून कानावर येते. पाठोपाठ प्रश्न येतात. या कामाला पगार असतो का? हेल्थ इन्शुरन्सचे काय? आणि मुळात हा माणूस करतो काय? बोलतात नटनट्या, सांगतो दिग्दर्शक, चित्र घेतो कॅमेरावाला. मग लेखकाच्या वाट्याला काय उरते?

प्रश्न रास्त आहेत, आणि त्यांचे उत्तर नियमांच्या पुस्तकापेक्षा एखाद्या माणसाच्या कारकीर्दीतून अधिक चांगले समजते. म्हणून या लेखासाठी मी पॅडी चायेफ्स्की हा लेखक निवडला आहे. टेलिव्हिजन, रंगभूमी आणि चित्रपट या तिन्ही ठिकाणी त्याने नाव मिळवले. पटकथेचे तीन ऑस्कर दुसऱ्या कोणाशीही वाटून न घेता, एकट्याने मिळवणारा तो एकमेव लेखक आहे. (वुडी ॲलनकडेही पटकथेची तीन ऑस्कर आहेत, पण त्यांतले एक भागीदारीतले.) पण पारितोषिके हे काही त्याला निवडण्याचे खरे कारण नाही. आपण लिहिलेला शब्द लोकांपर्यंत पोचेतो कोणाच्या ताब्यात असावा, या एका प्रश्नावर हा माणूस आयुष्यभर भांडला. कधी जिंकला, कधी हरला. या पेशातले सुख आणि दुःख दोन्ही त्या भांडणात दिसते.

ब्रॉन्क्समधले घर

त्याचे खरे नाव सिडनी ॲरन चायेफ्स्की. जन्म २९ जानेवारी १९२३, न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात. आईवडील रशियन साम्राज्यातून आलेले ज्यू. म्हणजे तोही आपल्या मुलांसारखाच 'दुसऱ्या पिढीचा'. घरात एक भाषा, रस्त्यावर दुसरी, आणि दोन्हींच्या मधे कान उघडे ठेवून वावरणारा मुलगा. स्थलांतरितांच्या गरीब पण हुशार मुलांचे कॉलेज म्हणून ज्याची ख्याती होती, त्या सिटी कॉलेजमधून तो १९४३ साली पदवीधर झाला आणि लगेच सैन्यात गेला.

'पॅडी' हे आयरिश माणसाला शोभणारे नाव त्याला तिथे मिळाले. गोष्ट अशी सांगतात की, रविवारी पहाटे मुदपाकखान्याच्या कामासाठी उठवायला आलेल्या अधिकाऱ्याला त्याने 'मला चर्चमध्ये मासला जायचे आहे' असे सांगितले. 'कालपर्यंत तर तू ज्यू होतास' असे अधिकाऱ्याने म्हणताच त्याने आपली आई आयरिश असल्याचे ठोकून दिले. तेव्हापासून तो पॅडी झाला, तो कायमचा.

जर्मनीत आखेन शहराजवळ सुरुंगाच्या स्फोटात तो जखमी झाला. इंग्लंडमधल्या लष्करी इस्पितळात पडल्या पडल्या त्याने सैनिकांसाठी एक संगीत विनोदी नाटक लिहिले, आणि ते लष्करी तळांवर प्रत्यक्ष झाले. त्यातून गार्सन केनिन या नाटककार-दिग्दर्शकाशी त्याची ओळख झाली आणि 'द ट्रू ग्लोरी' या युद्धपटाच्या कामात त्याला घेण्यात आले. युद्ध संपल्यावर तो परतला तेव्हा हाती नोकरी नव्हती. काही काळ त्याने काकांच्या छापखान्यात काम केले. मधल्या काळात हॉलिवूडची वारी केली आणि ती फुकट गेली. रेडिओसाठी रूपांतरे करून दिली. थोडक्यात, तिशी जवळ आली तरी 'मुलगा काय करतो?' या प्रश्नाला घरच्यांकडे धड उत्तर नव्हते. उमेदवारीच्या काळात असलेल्या मुलांच्या पालकांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

थेट प्रक्षेपणाचा जमाना

त्याला संधी दिली ती टेलिव्हिजनने. आज आपण ज्याला टेलिव्हिजन म्हणतो त्याहून १९५० च्या सुमाराचे टेलिव्हिजन फार वेगळे होते. न्यूयॉर्कच्या स्टुडिओतून दर आठवड्याला नवीकोरी नाटके थेट दाखवली जात. रेडिओ आणि टेलिव्हिजन संच बनवणाऱ्या फिल्को कंपनीच्या पैशावर एन.बी.सी.वर चालणारे 'फिल्को टेलिव्हिजन प्लेहाउस' हे त्यांतले नावाजलेले सदर. कार्यक्रम तासाचा, जाहिराती वजा जाता नाटकाला जेमतेम पन्नास-बावन्न मिनिटे. चूक झाली तर पुन्हा घेण्याची सोय नाही. नट वाक्य विसरला तर ते सगळा देश पाहणार! व्हिडिओटेप अजून यायची होती. जतन करायचे म्हणजे पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून चित्राचे चित्र घ्यायचे.

या अडचणींनीच लेखनाला एक घाट दिला. सेट दोन-चारच. एका पात्राला कपडे बदलून दुसऱ्या सेटवर पोचायचे असेल तर तेवढी मिनिटे भरणारे संवाद लेखकाने आधीच योजून ठेवायचे. लढाया, घोडे, आगगाड्या यांचे तर नावच नको. पडदा लहान आणि चित्र अंधुक, त्यामुळे कॅमेरा माणसाच्या चेहऱ्याजवळ जाई. स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसलेली दोन माणसे बोलत आहेत, एवढ्या भांडवलावर नाटक उभे करायचे. चायेफ्स्कीला हे भांडवल पुरेसे होते. ब्रॉन्क्समधल्या स्वयंपाकघरांतच तर तो वाढला होता.

त्या दोन-तीन वर्षांत त्याने लिहिलेल्या नाटकांचे विषय पाहिले तर आपल्याच घरांची आठवण होते. 'द रिलक्टंट सिटिझन'मध्ये युरोपातून आलेला एक म्हातारा सरकारी कचेरी म्हटली की धास्तावतो आणि अमेरिकन नागरिकत्व घ्यायलाही बिचकतो. 'द मदर'मधल्या विधवा म्हातारीला लेकीच्या घरी आरामात बसायचे नाही. तिला शिवणकामाच्या कारखान्यात जाऊन स्वतःचे पैसे मिळवायचे आहेत. 'प्रिंटर्स मेझर'मध्ये एक वयस्क जुळारी आहे. हाताने खिळे जुळवण्यात आयुष्य गेलेल्या या माणसाच्या छापखान्यात लायनोटाइप यंत्र येते आणि त्याची कला एका दिवसात निरुपयोगी ठरते. हा छापखाना कुठला, ते सांगायला नकोच.

या सदराचा निर्माता फ्रेड को याने एक असामान्य गोष्ट केली. त्याने लेखकाला तालमीत बसवून घेतले. लेखकाला विचारल्याशिवाय वाक्य बदलायचे नाही, हा तिथला रिवाज. रंगभूमीवर नाटककाराला जो मान होता तोच टेलिव्हिजनवर देण्याचा हा प्रयत्न होता, आणि जाहिरातींत लेखकाचे नाव ठळकपणे येऊ लागले.

'मार्टी'

अशाच एका तालमीत 'मार्टी'चे बी पडले. तालीम एका हॉटेलच्या नाचघरात चालली होती. संध्याकाळी तिथे एकट्यादुकट्या स्त्रीपुरुषांच्या ओळखी व्हाव्यात म्हणून नाचाचा कार्यक्रम होई. भिंतीवर मुलींसाठी एक सूचना लावलेली होती. जो विचारील त्याच्याबरोबर नाचा, पुरुषांनाही मन असते, अशा अर्थाची. चायेफ्स्कीची नजर तिच्यावर खिळली. अशा ठिकाणी येणाऱ्या माणसाची गोष्ट लिहायची असे त्याने दिग्दर्शक डेल्बर्ट मान याला सांगितले.

२४ मे १९५३ रोजी 'मार्टी' प्रक्षेपित झाले. रॉड स्टायगर आणि नॅन्सी मर्चंड यांच्या प्रमुख भूमिका होत्या. नायक आहे ब्रॉन्क्समधला इटालियन वंशाचा खाटीक. पस्तिशीच्या आसपासचा, जाडजूड, अविवाहित. सगळी भावंडे लग्न करून मार्गी लागली. दुकानात येणारी प्रत्येक बाई 'तुझे कधी?' म्हणून विचारते. आईच्या आग्रहाखातर तो शनिवारी रात्री नाचघरात जातो आणि तिथे त्याच्यासारखीच सगळ्यांनी नाकारलेली एक शिक्षिका त्याला भेटते. दोघांचे सूत जमते. आणि मग तीच आई, जी रात्रंदिवस लग्नाचा धोशा लावत होती, ती त्या मुलीला नाके मुरडू लागते. कारण तिच्या बहिणीला नुकतेच सुनेच्या घरातून बाहेर पडावे लागले आहे आणि आता आपलीही पाळी येणार, ही भीती तिच्या मनात शिरली आहे.

यात काय नवीन, असे कोणी म्हणेल. नवीन होती ती भाषा. पात्रे अर्धी वाक्ये बोलतात, तेच तेच विचारतात. शनिवारी संध्याकाळी काय करायचे हे दोन मित्र एकमेकांना पुनःपुन्हा विचारत राहतात आणि उत्तर कोणाकडेच नसते. जणू लेखकाने टेपरेकॉर्डर लावून संभाषण उतरवून घेतले असावे, असे लोक म्हणू लागले. ते अर्थातच खरे नव्हते. टेपवरचे बोलणे उतरवले तर ते वाचवत नाही. बोलण्यासारखे वाटावे म्हणून केलेले ते अतिशय काटेकोर लेखन होते.

चित्रपटवाल्यांनी हक्क मागितले तेव्हा चायेफ्स्कीने हॉलिवूडचा एक वारीचा अनुभव लक्षात ठेवला. पटकथा स्वतः लिहीन, दिग्दर्शक डेल्बर्ट मानच असेल, आणि चित्रीकरणावर मला हजर राहता येईल, अशा अटी त्याने घातल्या. श्रेयनामावलीत त्याचे नाव सहनिर्माता म्हणूनही आले. अर्नेस्ट बोर्गनाइन नायक झाला. सुमारे साडेतीन लाख डॉलरांत झालेल्या या छोट्या चित्रपटाने १९५५ साली कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवले, आणि पाठोपाठ सर्वोत्तम चित्रपट, दिग्दर्शन, अभिनय व पटकथा अशी चार ऑस्कर. त्यांतले पटकथेचे चायेफ्स्कीचे पहिले.

लेखक कोण आणि 'ऑथर' कोण?

या अटींचे महत्त्व कळण्यासाठी इथे थोडे थांबून पेशाचे नियम समजून घेतले पाहिजेत.

अमेरिकेत नाटककार आपल्या नाटकाचा मालक असतो. निर्माता ते सादर करण्याचा परवाना घेतो. नाटककाराच्या संमतीशिवाय ओळ बदलता येत नाही. चित्रपटाचे तसे नाही. स्टुडिओने पैसे देऊन लिहून घेतलेली पटकथा कायद्याच्या दृष्टीने 'कामावर ठेवून करून घेतलेली वस्तू' असते, आणि कॉपीराइटच्या कायद्यात तिचा ऑथर म्हणजे चक्क स्टुडिओ! आपल्यापैकी कंपनीत संशोधन करणाऱ्यांना याचे नवल वाटणार नाही. आपण लावलेल्या शोधाचे पेटंट कंपनीकडेच जाते. स्टुडिओ पहिल्या लेखकाला रजा देऊन दुसरा आणू शकतो, मग तिसरा.

तेव्हा पडद्यावर नाव कोणाचे, हे ठरवायचे कोणी? ते काम स्टुडिओ नव्हे, लेखकांची संघटना करते. रायटर्स गिल्डची मुळे १९३३ पर्यंत जातात. वाद झाला तर गिल्डचे तीन लेखक-सभासद सर्व खर्डे वाचून निर्णय देतात. खर्डा कोणाचा ते त्यांना सांगितले जात नाही आणि त्यांची नावेही गुप्त राहतात. पुढच्या वेळी चित्रपट संपल्यावर कोट चढवण्याची घाई करू नका. नावे नीट वाचा. दोन लेखकांच्या नावांमध्ये 'अँड'चे वेटोळे चिन्ह असेल तर त्या दोघांनी मिळून लिहिले असे समजावे. 'अँड' हा शब्द अक्षरांत असेल तर एकानंतर दुसऱ्याने लिहिले. कदाचित दोघे एकमेकांना भेटलेही नसतील. 'रिटन बाय' म्हणजे कथा आणि पटकथा दोन्ही त्याच लेखकाची.

या व्यवस्थेत चायेफ्स्की जे मागत होता, ते म्हणजे नाटककाराचा हक्क चित्रपटात. तो मिळवायचा तर यश आधी गाठीशी हवे, आणि हरण्याची तयारीही.

मधली वर्षे

ज्या टेलिव्हिजनने त्याला घडवले ते फार दिवस टिकले नाही. १९५५ मध्ये फिल्कोचे सदर बंद झाले. संच देशभर पसरले, जाहिरातदारांना मोठ्या प्रमाणात प्रेक्षक हवा झाला, आणि एकट्या म्हाताऱ्यांच्या नाटकांपेक्षा प्रश्नमंजूषा आणि हॉलिवूडमध्ये फिल्मवर काढलेल्या मालिका अधिक किफायतशीर ठरल्या. निर्मितीचे केंद्र न्यूयॉर्कहून लॉस एंजेलिसला सरकले. चायेफ्स्कीने रंगभूमी जवळ केली. लाँग आयलंडमधल्या ज्यू प्रार्थनास्थळात घडणारे त्याचे 'द टेन्थ मॅन' १९५९ साली ब्रॉडवेवर आले आणि त्याचे सहाशेहून अधिक प्रयोग झाले. पुढे स्टालिनवरचे नाटक मात्र आपटले. चित्रपटांत 'द गॉडेस' (१९५८) आणि 'द अमेरिकनायझेशन ऑफ एमिली' (१९६४) नावाजले गेले. पण 'पेंट युवर वॅगन' (१९६९) या संगीतपटात कथा इतरांच्या हातून इतकी फिरली की पडद्यावर त्याचे नाव 'रूपांतर' एवढ्यापुरतेच उरले. पंचेचाळिशी उलटलेला, गेल्या दशकातला लेखक, अशी त्याची गणना होऊ लागली होती.

'द हॉस्पिटल'

तिथून तो उठला तो १९७१ मध्ये, 'द हॉस्पिटल' घेऊन. आपल्या वाचकांत डॉक्टर पुष्कळ आहेत. १९६५ च्या इमिग्रेशन कायद्यानंतर आलेल्या आणि न्यूयॉर्कच्या इस्पितळांत रेसिडन्सी केलेल्या पिढीने तर हा चित्रपट आवर्जून पाहावा. मॅनहॅटनमधले एक मोठे शिक्षण-रुग्णालय आहे. मेडिसिन विभागाचा प्रमुख डॉ. बॉक (जॉर्ज सी. स्कॉट) संसार आणि उमेद दोन्ही गमावून आत्महत्येच्या विचारात आहे. आणि इस्पितळात एकामागून एक डॉक्टर-नर्स मरू लागले आहेत. खुनी काय करतो? फारसे काही नाही. तो त्यांना रुग्ण म्हणून पलंगावर नेऊन ठेवतो, एवढेच. मनगटावरची पट्टी नीट कोणी वाचत नाही, एकाचे औषध दुसऱ्याला जाते, तातडीच्या विभागात पडलेल्याची विचारपूस होत नाही. उरलेले काम इस्पितळ स्वतःच पार पाडते!

हे विनोदी आहे आणि अंगावर काटा आणणारेही. अचूक तपशील असल्याशिवाय असली थट्टा साधत नाही. चायेफ्स्की आधी विषयाचा अभ्यास करी, त्या क्षेत्रातल्या माणसांत जाऊन बसे, त्यांची परिभाषा आत्मसात करी आणि मगच लिही. डॉक्टर बोलतात ते डॉक्टरांसारखे. या पटकथेला त्याचे दुसरे ऑस्कर मिळाले.

'नेटवर्क'

पाच वर्षांनी, १९७६ मध्ये, त्याने आपल्या जुन्या घराकडेच मोर्चा वळवला. 'नेटवर्क'साठी तो खऱ्या वृत्तविभागांत जाऊन बसला, बातमीदारांशी बोलला. दिग्दर्शक सिडनी ल्युमेटही थेट टेलिव्हिजनच्याच शाळेतला. चायेफ्स्की रोज सेटवर हजर असे आणि त्याचे शब्द जसेच्या तसे बोलले जात. निर्माता हॉवर्ड गॉटफ्रीड याच्याशी भागीदारी करून त्याने ही सत्ता मिळवली होती.

कथा थोडक्यात अशी. प्रेक्षकसंख्या घसरली म्हणून हॉवर्ड बील या मुरलेल्या वृत्तनिवेदकाला काढून टाकायचे ठरते. तो कार्यक्रमातच जाहीर करतो की, पुढच्या आठवड्यात मी कॅमेऱ्यासमोर जीव देणार. गहजब होतो, आणि प्रेक्षकसंख्या वाढते! मनोरंजन विभागाची महत्त्वाकांक्षी प्रमुख (फे डनवे) ताडते की, या माणसाचे वेड विकता येईल. बील लोकांना खिडकीशी जाऊन आपला संताप ओरडून सांगायला लावतो आणि देशभर खिडक्या उघडतात. बातम्यांचा खेळ होतो. मालकांना न परवडणारे सत्य तो बोलू लागतो तेव्हा त्याला दटावले जाते. आणि प्रेक्षक कमी होऊ लागतात तेव्हा त्याचा काटा काढला जातो.

चित्रपट आला तेव्हा ही अतिशयोक्ती आहे असे टेलिव्हिजनमधल्या अनेकांना वाटले. त्या वेळी बातम्या हा नेटवर्कचा प्रतिष्ठेचा विभाग होता. त्याने नफा दिलाच पाहिजे अशी सक्ती नव्हती. पण १९८६ संपेपर्यंत, म्हणजे दहाच वर्षांत, ए.बी.सी., सी.बी.एस. आणि एन.बी.सी. या तिन्ही नेटवर्कची सूत्रे नव्या मालकांच्या हाती गेली होती आणि वृत्तविभागांच्या हिशेबाला कात्री लागली होती. पुढचे आपण पाहतोच आहोत. अमेरिकेतला कुठलाही चॅनल लावा, किंवा सुट्टीत पुण्यामुंबईला गेल्यावर भावाच्या दिवाणखान्यातला. आठ चौकटींतून आठ माणसे एकाच वेळी ओरडत असतात. बील त्यांच्यात सहज खपून गेला असता.

पण लेखनाच्या दृष्टीने सांगण्याजोगी गोष्ट निराळीच आहे. 'मार्टी'तली माणसे अडखळत बोलत होती. 'नेटवर्क'मधली माणसे भाषणे देतात. लांबलचक, पल्लेदार, शब्दकोश उघडायला लावणारी. एकाच लेखकाच्या या दोन टोकाच्या भाषा. पहिलीत तो जे ऐकू येते ते लिहीत होता; दुसरीत जे कोणीच बोलत नाही पण बोलायला हवे ते लिहीत होता. आणि त्यातही जुनी नजर सुटली नव्हती. वृत्तविभागाच्या प्रमुखाची फसवली गेलेली बायको जेमतेम पाच मिनिटे पडद्यावर दिसते. पण तो प्रवेश असा आहे की बिॲट्रिस स्ट्रेटला तेवढ्यावर सहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले. 'नेटवर्क'ला एकूण चार मिळाली. बीलची भूमिका करणारा पीटर फिंच जानेवारी १९७७ मध्ये वारला होता. त्याचे पारितोषिक घ्यायला आलेल्या चायेफ्स्कीने फिंचच्या पत्नीला मंचावर बोलावून ते तिच्या हाती दिले. पटकथेचे त्याचे स्वतःचे तिसरे त्याच रात्रीचे.

शब्द राहिले, पण…

शेवटची लढाई मात्र तो हरला. 'ऑल्टर्ड स्टेट्स' ही त्याची एकमेव कादंबरी १९७८ साली आली. तिच्यावरून त्यानेच पटकथा लिहिली. पहिला दिग्दर्शक आर्थर पेन मतभेद होऊन गेला; त्याच्या जागी आला ब्रिटिश दिग्दर्शक केन रसेल, डोळे दिपवणाऱ्या चित्रांचा शौकीन. चायेफ्स्कीच्या करारानुसार संवाद बदलता येत नव्हते. रसेलने ते बदलले नाहीत. पात्रे मात्र ते शब्द भरभर, खाताखाता, एकमेकांच्या बोलण्यावर बोलत म्हणू लागली. शब्द जागेवर होते. वजन गेले होते. चायेफ्स्कीने आपले नाव काढून घेतले. १९८० मध्ये चित्रपट लागला तेव्हा पटकथाकार म्हणून नाव होते सिडनी ॲरन. आईवडिलांनी ठेवलेले नाव त्याला टोपणनाव म्हणून वापरावे लागले. पुढच्याच वर्षी, १ ऑगस्ट १९८१ रोजी, न्यूयॉर्कमध्ये कर्करोगाने त्याचे निधन झाले. वय अवघे अठ्ठावन्न.

कराराने शब्दाचे रक्षण होते, उच्चाराचे होत नाही. पटकथा ही अशी वस्तू आहे की ती दुसऱ्यांच्या तोंडून आणि हातांतूनच पुरी होते. को, मान आणि ल्युमेट यांच्या बरोबर चायेफ्स्कीचा शब्द फुलला तो केवळ अटींमुळे नव्हे; ते तिघे त्याच्या सुरातले होते म्हणून. हक्कासाठी भांडावे लागतेच, पण बरोबरची माणसेही तितक्याच काळजीने निवडावी लागतात. त्याच्या सगळ्या कारकीर्दीतून मला दिसते ते हे.

आपल्या मराठीत विजय तेंडुलकरांचे उदाहरण डोळ्यांसमोर येते. 'नेटवर्क' आला त्याच १९७६ साली तेंडुलकरांनी लिहिलेला, गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून उभा केलेला 'मंथन' आला, आणि पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला. नाटककाराचा कान घेऊन चित्रपटात गेलेला, जोडीला श्याम बेनेगल यांच्यासारखा दिग्दर्शक लाभलेला हाही लेखक. भारतात पटकथाकाराला रॉयल्टीचा, सोडून देता न येणारा हक्क मिळायला मात्र २०१२ ची कॉपीराइट कायद्याची दुरुस्ती यावी लागली.

आणि आमच्या धाकटीचे काय?

आता सुरुवातीच्या प्रश्नांकडे. पगार असतो का? टेलिव्हिजन मालिकेत असतो. लेखकांची तुकडी एका खोलीत बसून वर्षाची कथा आखते. नवा लेखक तळाच्या पायरीवर 'स्टाफ रायटर' म्हणून लागतो आणि चढत चढत मालिकेचा कर्ता, म्हणजे 'शो-रनर', होऊ शकतो. चित्रपटात दिग्दर्शक श्रेष्ठ, पण मालिकेत आजही लेखकच श्रेष्ठ. फ्रेड कोच्या तालमीतला मान काही अंशी तिथे शिल्लक आहे. किमान मानधन गिल्डने ठरवलेले असते, आणि वर्षाला ठरावीक कमाई झाली की गिल्डच्या योजनेतून हेल्थ इन्शुरन्सही मिळतो. काम पुन्हा दाखवले गेले की 'रेसिड्युअल' नावाची रक्कम येते. दोन नोकऱ्यांच्या मधल्या कोरड्या महिन्यांत घरभाडे भागते ते तिच्यावर.

हे कोणी आपण होऊन दिलेले नाही. १९६० साली लेखक १४८ दिवस संपावर राहिले तेव्हा चित्रपट टेलिव्हिजनवर दाखवल्याचा मोबदला, पेन्शन आणि आरोग्य योजना पदरात पडल्या. योगायोग असा की २०२३ चा संपही १४८ दिवसच चालला, २ मे ते २७ सप्टेंबर. पूर्वी वर्षाला बावीस-चोवीस भागांची असणारी मालिका स्ट्रीमिंगमध्ये आठ-दहा भागांवर आली होती, खोल्या लहान झाल्या होत्या आणि रेसिड्युअल आटले होते. शिवाय 'प्रिंटर्स मेझर'मधल्या जुळाऱ्यासमोर उभे राहिले होते तसे एक यंत्र आता खुद्द लेखकांसमोर उभे होते. तडजोडीत किमान लेखकसंख्या ठरली आणि यंत्राने तयार केलेल्या मजकुराला लेखकाचे श्रेय मिळणार नाही, हे कबूल करून घेतले गेले.

धोका आहे. बहुतेकांना पहिली काही वर्षे दुसरी नोकरी सांभाळूनच लिहावे लागते, आणि पुष्कळांना दार उघडतच नाही. मात्र हे दार आपल्या मुलांसाठी नाही, असे समजायचे कारण उरलेले नाही. डॉक्टर आई आणि आर्किटेक्ट वडील अशा भारतीय घरातली मिंडी केलिंग 'द ऑफिस'ची लेखिका म्हणून रुजू झाली ती पंचविशीच्या आतच.

तेव्हा धाकटीने विषय काढला तर लगेच कपाळाला हात लावू नये. तिला विचारावे, 'काय लिहिलेस ते दाखव.' लिहिलेले असेल तर वाचावे. आणि नुसतेच बोलणे असेल तर ते तिलाही त्याच क्षणी कळेल. सुमारे शंभर-सव्वाशे पाने म्हणजे एक चित्रपट, पानाला एक मिनिट, हा ढोबळ हिशेब. पहिली पटकथा पुरी करायला कोणाची परवानगी किंवा फी लागत नाही. विषय हवा असेल तर 'तुझे कधी?' म्हणून विचारणाऱ्या मावश्या आहेत, लेकीच्या घरी करमत नसलेल्या आज्या आहेत, आणि सिटिझनशिपचा फॉर्म वर्षानुवर्षे टेबलाच्या खणात ठेवणारे काकाही आपल्या मंडळात आहेत.